तांब्याची दोरी

दोरी तांब्याची होती. माळवदावर,
लिंबाच्या फांदीपासून कठड्यातल्या खुंटीपर्यंत
अकरा वाव. मन्मथमामानं मोजून ताणली
आणि म्हणाला, नीलव्वा, आजपासून धुणं हिच्यावर.
पण पिळून घाल. घट्ट पिळून.
ओल्या लुगड्यातून आपला आवाज गळून जातो.

मी तेरा वर्षांची. आवाज कसा गळतो मला काय माहीत.
मी पिळायची, मनगटं दुखेस्तोवर.
अकरा वाव झाकतील इतके कपडे आमच्या घरी नव्हते,
म्हणून द्वारकाबाईचं धुणंही मागून आणायची.
ती विचारायची, काय करूलालीस गं एवढं धुऊन?
मी म्हणायची, पुण्य.

खाली बळदात ज्वारी सरलेली. तिथं पेटी.
मामा ठेसनात तारबाबू. लढाईच्या आधी
त्याच्याकडं रेडिओचा परवाना होता. लढाईत तो जमा झाला.
कान जमा करून घ्यायचं सरकारला सुचलं नाही.
कॉइल गुंडाळली खाजामियां घडीसाजांनी,
चौबाऱ्यावरच्या दुकानात, डोळ्याला भिंग लावून,
मध्येच नमाजाला उठले
की मोजलेल्या वेढ्यावर चुन्याची टिकली.
"वख्त बिगड गया बेटी, दुरुस्त करना पडता."

जेवणं झाली की
मोटारीच्या बॅटरीत जीव असेल तोवर
सात मिनिटं. कधी नऊ.
मामा मराठीत बोलायचा, मग कानडीत,
मग शाळेत छडी खाऊन शिकलेल्या उर्दूत.
कुठला करोडगिरी नाका जळाला,
कुठल्या वाटेनं उद्या जाऊ नका.
माणसांची नावं कधीच नाहीत. नावांच्या जागी पिकं.
तूर पोचली. जवस परत फिरला.
माझा भाऊ बसलिंग करडई होता.
करडई जेठापासून वाटेतच होती.

एकदा रात्री झंपर काढायला वर गेले.
अंधारात दोरीला बोट लागलं
आणि ती चावली.
विस्तवासारखी नाही. आतून, हाडाकडून.
पेरावर मुगाएवढा पांढरा डाग. अजून आहे, हा बघा.
खाली त्या क्षणी मामा कुठला तरी शब्द बोलत असणार.
कुठला, म्हणून मी कितीदा विचारलं.
त्याला आठवेना.

अमीन आला तो भर दुपारी.
बळदाकडं गेलाच नाही, थेट वर.
दोरीकडं हात नेला.
त्या दिवशी तिच्यावर
द्वारकाबाईच्या बाळंतिणीची फडकी होती.
हात मागं घेतला, रुमालाला पुसला,
न शिवताच पुसला.
मी खाली बघत राहिले. हसू दाबायला नाही.
मांड्या थरथरत होत्या.

मग भादव्यात फौजा आल्या.
पेढे, गुलाल, ठेसनावर झेंडा.
करडईची बातमी कुणी आणली नाही.
आणि तिसऱ्या का चौथ्या दिवशी
चौबाऱ्यावरचं घडीसाजाचं दुकान फुटलं.
कुणी फोडलं ते गावाला माहीत आहे.
आमच्याच आळीत गुलाल खेळलेले हात.
खाजामियां कुठं गेले, कुणी विचारलं नाही.
भिंग मला गटारात सापडलं,
तडा न गेलेलं.

त्या रात्री मामा बळदात उतरला.
आता लपायचं कारण नव्हतं, तरी दार लावून.
पेटी पेटवली. दिवे तांबडे झाले.
मी जिन्यात बसून वाट बघितली,
आता तो सांगेल,
मराठीत, कानडीत, उर्दूत,
नाव घेऊन.

एक मिनिट. तीन. पाच.
कुणी कान लावून बसलं असेल कुठं,
तर त्याला नुसता श्वास ऐकू गेला असेल
आणि बॅटरीची घरघर.

मी वर गेले. चांदणं होतं. दोरीवर काही नव्हतं.
मुद्दाम बोट लावलं,
त्याच पेराचं.

मामा काहीच बोलत नव्हता.
चटका तेवढाच बसला.